हादग्याच्या गाण्यातील गाव

विद्यार्थी मित्रांनो, जे गाव कोणत्याही नकाशात नाही, त्या गावाची गाणी असू शकतात का? इंग्रज लेखक टॉल्किन यांनी १९५४-५५ साली प्रसिद्ध झालेल्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या कादंबरीत एक संपूर्ण काल्पनिक जग उभे केले आणि तिथल्या लोकांसाठी गाणीही रचली. आपल्या आज्या-पणज्यांनी हेच काम कागद-पेन न घेता केले. त्यांचे ते जग म्हणजे हादग्याची गाणी.

पुण्याकडे याला भोंडला म्हणतात, कोल्हापूर-सांगलीकडे हादगा. विदर्भ-खानदेशात भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत भुलाबाईची गाणी म्हणतात. भोंडला घटस्थापनेपासून दसऱ्यापर्यंत चालतो, तर काही ठिकाणी सूर्य हस्त नक्षत्रात गेला की, म्हणजे २७ सप्टेंबरच्या सुमारास, हादगा सुरू होतो व सोळा दिवस चालतो. पाटावर हत्तीचे चित्र काढून मध्ये ठेवतात आणि मुली त्याभोवती फेर धरतात. पहिल्या दिवशी एक गाणे, दुसऱ्या दिवशी दोन, अशी वाढ होते. शेवटी झाकलेली खिरापत ओळखायची असते. हस्ताचा पाऊस चांगला झाला तर ज्वारी-हरभऱ्याची पेरणी साधते, हे आपल्या भागातील शेतकऱ्यांच्या मुलांना सांगायला नको. हत्तीचा मान त्या पावसाचाच आहे.

आता गाण्यांच्या आत डोकावू या. एका गाण्यात चिकण मातीत खड्डा खणतात, तिथे जाते बसवतात, त्यावर दळण होते, पिठाच्या करंज्या होतात, करंज्या तबकात, तबकावर शेला, मग पालखी, आणि ती पालखी थेट माहेरी! दुसऱ्या गाण्यात वेडा नवरा करंज्यांना होड्या समजून पाण्यात सोडतो आणि लाडवांचे चेंडू करून खेळतो. तिसऱ्यात सून माहेरी जायची परवानगी मागते, तर सासू म्हणते, आधी कारल्याचे बी लाव. मग वेल वाढू दे, फूल येऊ दे, कारले लागू दे, भाजी होऊ दे. चौथ्यात सासरचे एकेक माणूस दागिना घेऊन न्यायला येते. मुलगी दागिना नाकारते, दारे लावून घेते आणि झिपरे कुत्रे सोडायला सांगते!

हे जग खोटे आहे, पण त्याला नियम आहेत. एका वस्तूतून दुसरी वस्तू निघते, प्रत्येक पायरी पुन्हा म्हणावी लागते, एकही गाळता येत नाही. त्यामुळेच लिहिता-वाचता न येणाऱ्या मुलींनाही ही लांबलचक गाणी पाठ राहिली. पाढे पाठ करताना आपण हीच युक्ती वापरतो.

यापेक्षा महत्त्वाची गोष्ट पुढे आहे. जुन्या काळी आठ-दहा वर्षांच्या मुली सासरी जात. (मुलीच्या लग्नाचे किमान वय अठरा हे १९७८ साली ठरले.) घरात त्यांना 'मला जायचे नाही' असे म्हणण्याची सोय नव्हती. फेरात मात्र त्या ते सर्वांसमोर, हसत-हसत म्हणू शकत, कारण ती सासू आणि तो नवरा गाण्यातले होते. म्हणून या गाण्यांकडे केवळ करमणूक म्हणून पाहू नये, असे आम्हांस वाटते. मुलींना बोलता यावे यासाठी रचलेले ते एक गाव होते.

पालकांना एक विनंती. १९५६ साली जुन्या बिदर जिल्ह्याची वाटणी झाली. उदगीर, निलंगा, अहमदपूर तेव्हाच्या मुंबई राज्यात गेले, आपण हुमनाबाद-भालकीकडचे तेव्हाच्या म्हैसूर राज्यात आलो. सोयरिकी मात्र चालू राहिल्या आणि सुनांबरोबर गाणी सीमा ओलांडून येत राहिली. त्यामुळे एकाच गल्लीत एका गाण्याचे तीन पाठ मिळू शकतात. एखाद्या आजीच्या तोंडी त्यात कानडी किंवा दखनी शब्दही येईल. तो 'शुद्ध' करू नका, जसा आहे तसाच मुलांना लिहू द्या. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांच्या प्रयत्नांतून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या जमा झाल्या, त्या गावोगावच्या बायकांना त्यांच्याच बोलीत गाऊ दिल्यामुळे. विश्वस्त मंडळींनी या वह्या शाळेच्या ग्रंथालयात जपून ठेवण्याची व्यवस्था करावी, ही विनंती. ध्वनिक्षेपकावर तयार गाणी लावली की फेर होतो, पण म्हणणारे तोंड बंद होते.

स्वाध्याय :
१) आजी, आत्या किंवा शेजारच्या काकूंकडून एक गाणे ऐका व जसेच्या तसे लिहा. त्या कोणत्या गावच्या लेक आहेत तेही लिहा.
२) त्या गाण्यातील वस्तूंची साखळी क्रमाने मांडा.
३) गाण्यातल्या सासूला उत्तर द्यायची संधी मिळाली तर ती काय म्हणेल? पाच ओळी लिहा.
४) आज जी गोष्ट घरात सरळ सांगता येत नाही, तिच्यासाठी चार कडव्यांचे नवे साखळी-गाणे रचा. मुलग्यांनीही रचावे. फेरात त्यांनाही जागा आहे.