बटाटे, पाइप आणि काकांचं डिपॉझिट

टेंडर्सच्या विषयात आपण 'सुरक्षा अनामत' या शब्दाची व्याख्या पाठ करतो, दोन मार्क मिळवतो आणि विसरतो. मीही तेच केलं होतं. पण गेल्या सुट्टीत घरी गेलो तेव्हा काकांनी एक पत्र पुढे टाकलं. म्हणाले, "इंजिनिअर होतोयस ना, वाच."

काकांचं छोटं वर्कशॉप आहे. एका सरकारी कार्यालयाला ते लोखंडी ब्रॅकेट पुरवत होते. वेल्डर सोडून गेला, तीन खेपा उशिरा गेल्या आणि ऑर्डर रद्द झाली. वर 40,000 रुपयांचं डिपॉझिट जप्त. "चूक आपलीच, मग पैसे गेलेच म्हणायचे," असं काकांचं मत. मलाही ते पटलं होतं. कॉलेजात परत आल्यावर सरांना सहज विचारलं, तर त्यांनी 'मौला बक्ष' एवढं एकच नाव सांगून मला लायब्ररीत पिटाळलं.

हा मौला बक्ष लष्कराचा पुरवठादार. 1947 साली त्याने दोन कंत्राटं घेतली. एक बटाट्यांचं, त्यासाठी 10,000 रुपये डिपॉझिट. दुसरं कोंबड्या, अंडी आणि मासे यांचं, त्यासाठी 8,500. (त्या काळचे 18,500 म्हणजे किती, याचा हिशेब तुम्हीच करा.) माल वेळेवर आणि पुरेसा येईना, म्हणून सरकारने त्याच वर्षअखेर दोन्ही कंत्राटं रद्द केली आणि डिपॉझिट ठेवून घेतलं. भांडण सुप्रीम कोर्टापर्यंत गेलं आणि निकाल लागला 1969 मध्ये. बावीस वर्षं!

निकाल वाचताना मी दोनदा मागे गेलो. कंत्राट रद्द करणं चूक होतं, असं कोर्ट कुठेच म्हणत नाही. तरीही पैसे परत द्या म्हणतं. कारण, रद्द करणं हा एक प्रश्न आणि पैसे ठेवून घेणं हा दुसरा. 1872 च्या करार कायद्यातलं कलम 74 म्हणतं की करारात रक्कम लिहिलेली असली तरी मिळते ती 'वाजवी भरपाई', आणि लिहिलेली रक्कम ही तिची वरची मर्यादा. बटाट्याला बाजारभाव असतो. सरकारने तो माल दुसरीकडून कितीला घेतला, हे दाखवणं सहज शक्य होतं. ते दाखवलंच नाही.

आता लगेच खूश होऊ नका. 2003 साली ओएनजीसी आणि सॉ पाइप्स यांच्या खटल्यात गाडी वेगळीकडे गेली. तेलविहिरींसाठी लागणारे केसिंग पाइप युरोपातल्या स्टील कारखान्यांच्या संपामुळे उशिरा आले. ओएनजीसीने मुदत वाढवून दिली, पण ठरलेली भरपाई बिलातून कापली. लवाद म्हणाले, नुकसान सिद्ध करा. सुप्रीम कोर्ट म्हणालं, असं नुकसान नेमकं मोजणं अवघड, आणि दोघांनी आधीच प्रामाणिक अंदाज बांधून आकडा लिहिला असेल तर तो चालेल. पुढे 2015 मध्ये कैलाशनाथ विरुद्ध दिल्ली विकास प्राधिकरण या खटल्यात कोर्टाने पुन्हा बजावलं की मुळात नुकसानच झालं नसेल तर भरपाई कसली?

म्हणजे काकांचा ब्रॅकेट हा बटाटा की पाइप, एवढाच प्रश्न उरतो. माझ्या मते बटाटा. कोणत्याही फॅब्रिकेशनवाल्याकडे त्याचा दर मिळतो.

मी काकांना फोन केला. "काका, उरलेले ब्रॅकेट त्यांनी नंतर कुणाकडून घेतले? कितीला?"

"ते मला कसं कळणार रे?"

माहितीच्या अधिकाराखाली अर्ज करायचा, 10 रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून. त्यांनी स्वस्तात घेतले असतील तर आपली बाजू भक्कम. महाग घेतले असतील तर उलट फरक आपल्याच मानेवर येऊ शकतो, हेही मी सांगितलं. काका थोडा वेळ गप्प बसले. मग त्यांनीच पत्रावरची तारीख वाचून दाखवली. दावा लावायची मुदत तीन वर्षांची. त्यातली दोन संपली होती.

अर्ज गेला आहे. उत्तर द्यायला त्यांना तीस दिवस आहेत आणि हा लेख संपादकांकडे देतोय तो एकविसाव्या दिवशी.