चित्रपट-संकलन : एक दुर्लक्षित व्यवसाय

चित्रपट पाहून बाहेर पडल्यावर आपण नट-नट्यांविषयी बोलतो, गाण्यांविषयी बोलतो, फार तर दिग्दर्शकाचे नाव घेतो. संकलकाचे नाव सहसा कोणाच्या तोंडी येत नाही. मराठी श्रेयनामावलीत ‘संकलन’ असे लिहिलेले असते, कन्नडमध्येही हाच शब्द. गंमत अशी की, कन्नड गणितात संकलन म्हणजे बेरीज. संकलकाचे काम मात्र बहुतांशी वजाबाकीचे!

वाणिज्य शाखेचा विद्यार्थी असल्याने आधी हिशेब मांडतो. ३५ मि. मी. फिल्मवर सेकंदाला २४ चित्रे लागतात व एका फुटात १६ बसतात. म्हणजे मिनिटाला ९० फूट. अडीच तासांच्या चित्रपटाला १३,५०० फूट. समजा, चित्रण याच्या चौपट झाले, तर संकलकापुढे दहा तासांची फिल्म येऊन पडते. त्यातले साडेसात तास वगळायचे असतात. काय वगळायचे, यातच सारे कौशल्य आहे. मुलगा घर सोडून जात असल्याचे सांगतो आहे; त्या क्षणी बोलणाऱ्या मुलाचा चेहरा दाखवायचा, की ऐकणाऱ्या आईचा? संवाद तोच, अभिनय तोच, पण प्रसंगाचा अर्थ पालटतो. माणूस खुर्चीवरून उठू लागला की त्या हालचालीतच एका शॉटवरून दुसऱ्यावर जायचे, म्हणजे सांधा डोळ्यांना जाणवत नाही. चांगले काम दिसतच नाही. मग त्याची वाहवा कोण करणार?

पूर्वी पॉझिटिव्ह प्रत मुव्हिओला यंत्रावर पाहून प्रत्यक्ष कापत व जोडत असत. आज हे संगणकावर होते. कापलेले क्षणात पूर्ववत करता येते, परंतु निर्णय घेण्याचे कष्ट त्यामुळे कमी झाले, असे मला वाटत नाही.

या व्यवसायातील एक मोठे नाव आपल्या शेजारच्या गोव्याचे आहे. वामन भोंसले मूळचे पोंबुर्फ्याचे. १९५२ मध्ये ते मुंबईत बॉम्बे टॉकीजमध्ये उमेदवारीला लागले. पुढे फिल्मिस्तानमध्ये साहाय्यक झाले. राज खोसलांचा ‘दो रास्ते’ आला १९६९ मध्ये. मधली वर्षे मोजा! १९७७ च्या ‘इन्कार’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. गुरुदत्त शिराळी यांच्याबरोबरची त्यांची जोडी प्रसिद्ध होती. २०२१ मध्ये ते वारले.

रेणू सलुजा यांची वाट निराळी. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्या संकलन शिकल्या. ‘जाने भी दो यारों’ व ‘अर्धसत्य’ हे १९८३ चे दोन्ही चित्रपट त्यांचे. एक हसवणारा, दुसरा अस्वस्थ करणारा, हात एकच. ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ यांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. २००० मध्ये त्यांचे अकाली निधन झाले. कन्नडभाषक मित्रांना सुरेश अर्स यांचे नाव सांगायला नको. मणिरत्नम यांच्या ‘बॉम्बे’चे राष्ट्रीय पुरस्कारप्राप्त संकलन त्यांचेच.

आता पोटापाण्याचा प्रश्न. चित्रपटात मासिक पगार क्वचितच. चित्रपटागणिक करार होतो आणि दोन करारांमधले महिने रिकामे जाऊ शकतात. साहाय्यकाची पहिली वर्षे तर ओढाताणीचीच. वृत्तवाहिन्यांत पगारी नोकरी मिळू शकते, पण बातमी काही मिनिटांत तयार हवी. दैनंदिन मालिकांत काम सतत असते, रात्रपाळीही असते. आमच्यासारख्या घरांतून ‘आधी बँकेची परीक्षा दे’ असे सांगतात, ते अगदीच गैर नाही.

तरीही चौकशी करण्यासारखे बरेच आहे. पुण्याच्या संस्थेत चित्रपट-संकलनाचा तीन वर्षांचा व दूरचित्रवाणी-संकलनाचा एक वर्षाचा अभ्यासक्रम आहे. प्रवेशासाठी परीक्षा द्यावी लागते. पदवी मात्र कोणत्याही शाखेची चालते. बी. कॉम.सुद्धा.