सुवर्णदुर्गाचे बेट कसे झाले?

चाचणी परीक्षेत प्रश्न होता, 'आपल्या जवळच्या एका बेटाचा प्रकार सांगा.' मी लिहिले, 'सुवर्णदुर्गाचे बेट ज्वालामुखीचे आहे.' कोकणातला काळा कातळ लाव्हाचा आहे, हे आपण शिकलो आहोत ना! पण उत्तर चुकले. मला फार वाईट वाटले. मग गुरुजींनी नकाशा काढून समजावून सांगितले. तुमची तशी चूक होऊ नये म्हणून येथे लिहीत आहे.

चारी बाजूंनी पाणी असलेल्या जमिनीला बेट म्हणतात. पुष्कळ बेटे जवळजवळ असली की त्यांना द्वीपसमूह म्हणतात. बेटांचे प्रकार असे :

१) खंडीय बेटे : ही मूळच्या मोठ्या जमिनीचाच भाग असतात. मधला सखल भाग पाण्याखाली गेला की उंच भाग बेट होऊन उरतो.

२) ज्वालामुखी बेटे : समुद्राच्या तळातून लाव्हा बाहेर पडतो. त्याचे थर साचत साचत पाण्यावर येतात. अंदमानजवळचे बॅरन बेट असे आहे. तेथील ज्वालामुखी १९९१ साली पुन्हा जागा झाला. बाकीची बहुतेक अंदमान बेटे मात्र समुद्रात बुडालेल्या डोंगररांगेचे माथे आहेत.

३) प्रवाळ बेटे : प्रवाळ हे अगदी लहान प्राणी. ते उबदार, उथळ व स्वच्छ पाण्यात राहतात. त्यांच्या चुनखडीच्या सांगाड्यांचे थर वाढतात. आपल्या अरबी समुद्रातली लक्षद्वीप बेटे अशी झाली. त्यांचे सर्व मिळून क्षेत्रफळ फक्त ३२ चौरस किलोमीटर आहे. ती पाण्यापासून थोडीच मीटर उंच आहेत. समुद्र तापला की प्रवाळ पांढरे पडून मरतात. १९९८ साली तेथे तसे झाले होते. प्रवाळ मेले तर लाटा अडवणार कोण? म्हणून तेथील लोकांना काळजी वाटते.

आता आपला सुवर्णदुर्ग. सुमारे २०,००० वर्षांपूर्वी पृथ्वीवर बर्फ फार होते. तेव्हा समुद्र आजच्यापेक्षा सुमारे १२० मीटर खाली होता. म्हणजे आज बाबा होडी नेतात तेथे जमीन होती! बर्फ वितळले, पाणी चढले आणि किल्ल्याचा खडक किनाऱ्यापासून तुटला. म्हणून ते खंडीय बेट. दगड लाव्हाचा, पण बेट केले ते समुद्राने. दगड कसा झाला आणि बेट कसे झाले, हे दोन प्रश्न वेगळे. माझी चूक तेथेच झाली.

घरी बाबांना हे सांगितले. ते जाळे विणत होते. म्हणाले, "खरं असंल. किल्ल्याच्या नि किनाऱ्याच्या मधे पाणी उथळच आहे. म्हणजे किल्ला आपल्या हर्णैचाच तुकडा की रे!"