निवेदनं देत बसू नकोस

अगं, सेवासमाप्तीचं पत्र हातात पडलं की पहिले दोन-चार दिवस रडण्यातच जातात. जाऊ देत. पण त्यानंतर तू काय करशील ते मला आत्ताच दिसतंय. आधी संस्थेच्या सचिवांना निवेदन, मग अध्यक्षांना, मग कुलगुरूंना, मग सहसंचालकांना. प्रत्येक ठिकाणी कुणीतरी चहा पाजून सांगणार, "मॅडम, कोर्टाबिर्टात जाऊ नका, संबंध बिघडतात. पुढच्या मीटिंगला विषय घेतो." मीटिंग होते, विषय राहून जातो. जून उजाडतो आणि तुझ्या जागेवर दुसरी कुणी रुजू होते.

तोवर तुझे तीस दिवस केव्हाच संपलेले असतात.

हो, तीसच. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६, कलम ८१. खासगी संस्थेच्या महाविद्यालयाने तुला काढलं, बडतर्फ केलं किंवा खालच्या पदावर ढकललं, तर आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांत विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणाकडे अपील करायचं. सरकारी महाविद्यालयाची वाट वेगळी, ते आत्ता सोड. पत्र घ्यायचंच नाकारायचं, हा शहाणपणा करू नकोस. नाकारलेलं पत्रही सहसा मिळालं असंच धरतात. घे, आणि पोचेवर तारीख घालून सही कर.

मुदत टळली तरी दार अगदीच बंद होत नाही. विलंब माफीचा अर्ज असतो, त्यात पुरेसं कारण पटवून द्यावं लागतं. सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्ये कातिजी प्रकरणात सांगितलं की अशा अर्जांकडे उदारपणे बघावं. बाळंतपण, शस्त्रक्रिया, घरातलं आजारपण, कागद असतील तर ऐकून घेतात. पण "अध्यक्षांनी शब्द दिला होता" याला कागद कुठून आणशील? शब्द देणारे लेखी कधीच देत नाहीत, आणि मला विचारशील तर ते मुद्दामच.

निवेदनांवर भिस्त ठेवणाऱ्यांना मी एस. एस. राठोड प्रकरण सांगते. १९८९ मध्ये सात न्यायमूर्तींनी ठरवलं, की कायद्यात तरतूद नसलेली निवेदनं पुन्हापुन्हा दिली म्हणून मुदत वाढत नाही. पुढे २००८ मध्ये सी. जेकब प्रकरणात तर असंही म्हटलं, की शिळ्या मागणीला आज उत्तर आलं म्हणून ती ताजी होत नाही. म्हणजे आवक क्रमांकांची फाईल जाड झाली तरी उपयोग शून्य!

"मग हायकोर्टात रिट करेन, त्याला कुठे मुदत असते?" असं तू म्हणशील. अनुच्छेद २२६ मध्ये दिवस लिहिलेले नाहीत, खरं आहे. पण उशीर कोर्टाला दिसतोच. बढतीत डावललं तर सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात यावं, असं सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्येच सदाशिवस्वामी प्रकरणात म्हटलंय. कारण मला तरी पटतं. तू आठ वर्षांनी गेलीस तर तुझ्या जागी आलेली ती, तिचा पगार, तिची ज्येष्ठता, सगळं उलटंपालटं होणार. तिचा काय गुन्हा?

पेन्शनचं किंवा पगारनिश्चितीचं तेवढं निराळं. दर महिन्याला कमी मिळतं, म्हणजे अन्याय दर महिन्याला नव्याने होतो. तरसेम सिंग नावाच्या सैनिकाने अपंगत्व पेन्शनसाठी १६ वर्षांनी दाद मागितली. पेन्शनचा हक्क टिकला, थकबाकी मात्र याचिकेआधीच्या तीनच वर्षांची मिळाली. बाकीची बुडाली.

तेव्हा संस्थेशी बोलणी चालू ठेव, चहाही पी. पण याच आठवड्यात सेवेची प्रकरणं लढवणारा वकील गाठ, नेमणुकीचा आदेश, विद्यापीठाची मान्यता आणि ते पत्र लिफाफ्यासकट घेऊन जा. अपील दाखल केल्यावरही तडजोड होते, आणि बरेचदा तेव्हाच होते.