नोंदवहीचे मोल

अनाथाश्रमाची नोंदवही हे केवळ दप्तर नव्हे. पुष्कळदा मुलाला आईपर्यंत नेणारी तीच एक वाट असते. १९७३ साली पुण्याहून जर्मनीस दत्तक गेलेला एक मुलगा मोठेपणी आईच्या शोधात परतला. नोंदी पाहण्यासाठी त्यास सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावे लागले. २०१० साली मायलेक भेटले. २०२२ च्या नियमांनुसार १८ वर्षांचा दत्तक असा शोध स्वतः मागू शकतो. मात्र आईचे गुपितही कायदा जपतो.

आपल्या पलसाण्यात कापडगिरण्यांच्या कामासाठी दूरदूरची कुटुंबे येतात. चुकलेले मूल आढळल्यास १०९८ वर कळवावे; स्थळ, वेळ, कपडे, बोली लिहून ठेवावी. अनाथास घास भरवणे हे पुण्य खरेच; परंतु त्याचे मूळ जपणे हेही आपले कर्तव्य होय.