व्हीएफएक्समध्ये करिअर: आधी शोरील, मग दर

पुसद-वणीकडच्या लग्नाचं एडिटिंग करणाऱ्या बऱ्याच मुलांना व्हीएफएक्समध्ये जायचंय. जा, पण दोन गोष्टी समजून जा.

आधी काम काय ते बघू. रोटो म्हणजे फ्रेमगणिक माणसाची कडा कापणं. पेंट म्हणजे वायर, माईक पुसून टाकणं. मॅचमूव्ह म्हणजे कॅमेऱ्याची हालचाल कॉम्प्युटरमध्ये जुळवणं. कॉम्पोझिटिंग म्हणजे सगळे थर एकजीव करणं. सिनेमात सेकंदाला 24 फ्रेम, म्हणजे 5 सेकंदांचा शॉट 120 फ्रेमचा! नवीन मुलं बहुतेक रोटो-पेंटमधून आत शिरतात. पण ते काम आता एआयने झपाट्याने होतंय, म्हणून तिथेच थांबू नका. कॉम्पोझिटिंग शिका.

पहिली गोष्ट, शोरील. दादासाहेब फाळक्यांनी काय केलं? वाटाण्याचं रोप वाढताना फ्रेम-फ्रेम टिपलं, त्याची छोटी फिल्म केली आणि ती दाखवून भांडवल उभं केलं. मग 1913 मध्ये 'राजा हरिश्चंद्र' आला. सर्टिफिकेट नाही, काम दाखवलं! तुमचंही तसंच. एक मिनिटाचं रील, त्यात फक्त तुम्ही स्वतः केलेले शॉट, आधीचा आणि नंतरचा.

दुसरी गोष्ट, दर. 'लाइफ ऑफ पाय'मधला वाघ आठवतो? तो करणाऱ्या ऱ्हिदम अँड ह्यूज कंपनीचे मुंबई, हैदराबादलाही स्टुडिओ होते. फेब्रुवारी 2013 मध्ये त्या कामाला ऑस्कर मिळालं. पण त्याआधी काही दिवसच कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज केला होता! एक मोठं कारण असं की या धंद्यात रक्कम आधी ठरते, बदल मात्र येतच राहतात. शिवाय काम पुढे ढकललं गेलं, तरी कलाकारांचा पगार चालूच.

आता आपला हिशोब करा. समजा 6,000 रुपयांत तीन दिवसांचं काम घेतलं, म्हणजे दिवसाला 2,000. 'जरासं बदलून द्या ना भाऊ' करत सहा दिवस गेले की उरले 1,000. लाईटबिल वेगळंच!

म्हणून कामाआधी व्हॉट्सॲपवर लिहून घ्या:

- शॉट किती, प्रत्येक किती सेकंदांचा
- बदलाच्या दोन फेऱ्या दरात, पुढे दिवसाप्रमाणे पैसे
- अर्धी रक्कम ॲडव्हान्स
- बाकी मिळाल्यावरच फायनल फाईल

या महिन्याचा गृहपाठ: मोबाईलवर 5 सेकंदांचा शॉट घ्या आणि त्यातली विजेची तार पुसा. ब्लेंडर फुकट आहे, पैशाच्या कामालाही चालतं. डाविंची रिझॉल्व्हच्या फुकट आवृत्तीत फ्यूजन मिळतं. काम करताना किती तास लागले ते वहीत लिहा, कारण तुमचा दर त्या आकड्यातूनच निघणार आहे. आणि क्लासची फी भरण्याआधी तिथल्या विद्यार्थ्यांची रील मागून बघा. दाखवत नसतील, तर पैसे खिशातच ठेवा.