बिलाशिवाय डबा नको

मनमाडमध्ये माझं मेडिकल आहे. काउंटरमागे उभं राहिलं की गावाच्या सवयी बदलताना समोर दिसतात. प्रोटीनचा डबा पूर्वी टायफॉइडमधून उठलेल्या माणसासाठी किंवा बाळंतिणीसाठी जायचा. डॉक्टर चिठ्ठीवर लिहून द्यायचे आणि घरचे किंमत ऐकून जरा कुरकुरत घेऊन जायचे. आता डबा मागायला येतात ती अठरा-वीस वर्षांची धडधाकट पोरं, आणि चिठ्ठीऐवजी त्यांच्या हातात मोबाइल असतो. त्यावर कुणातरी पिळदार माणसाचा व्हिडिओ थांबवलेला असतो. "काका, हाच पाहिजे."

आधी लाट आली गेनरची. 'वजन वाढत नाही' ही तेव्हाची तक्रार होती. मग व्हे प्रोटीन आलं, त्यामागून क्रिएटिन, आणि आता सगळ्यात जास्त विचारणा असते प्री-वर्कआउटची, म्हणजे व्यायामाआधी घ्यायच्या 'ताकदीच्या' पावडरीची. ज्यांना किलोचा डबा परवडत नाही त्यांच्यासाठी एका वेळेची पाकिटं निघाली. अमूलसारख्या सहकारी दूध संघानं प्रोटीनवाली लस्सी आणि ताक काढलं. बिस्किटाच्या पुड्यावरही प्रोटीनचा आकडा मोठ्या अक्षरात छापून येतो. डबा आणायला नाशिकला किंवा मालेगावला जायची गरज उरलेली नाही, कुरिअरवाला घरी आणून देतो.

आपल्या गावात याला गिऱ्हाईक आहे, कारण इथे अंगमेहनतीची हौस जुनी आहे. मनमाडच्या मुलामुलींनी वेटलिफ्टिंगमध्ये राष्ट्रीय पातळीवर पदकं आणली आहेत. आजूबाजूच्या खेड्यांत तालमी आहेत. आणि सगळ्यात मोठा वर्ग भरतीवाल्या पोरांचा. पोलीस भरतीत मैदानी चाचणीचे ५० गुण असतात. मुलांसाठी १६०० मीटर धावण्याला २०, शंभर मीटरला १५ आणि गोळाफेकीला १५. दोन-चार सेकंदांवर गुण ठरतात आणि त्या गुणांवर घराचं भवितव्य. नांदगाव, चांदवड, येवल्याकडची शेतकऱ्यांची पोरं पहाटे ग्राउंड मारतात, दुपारी कुठेतरी काम करतात आणि रात्री लेखीचा अभ्यास. चार सेकंद कमी करून देतो म्हणणाऱ्या डब्यासाठी अशा पोराचा हात खिशात जाणारच. त्याला मी हावरट म्हणणार नाही. तो घाईत आहे, आणि या बाजाराची सगळी कमाई त्याच्या घाईवर आहे.

अशाच एका मुलाला दोन मित्रांनी दुचाकीवर मध्ये बसवून माझ्या दुकानात आणलं. मे महिना होता. सकाळी उपाशीपोटी त्यानं प्री-वर्कआउटचे दोन स्कूप पाण्यात ढवळून घेतले होते आणि १६०० मीटर पळायला उतरला होता. तिसऱ्या फेरीत छाती धडधडायला लागली, हात थरथरायला लागले, डोळ्यांपुढे अंधारी आली. मनगट हातात घेतलं तर नाडी मोजता येईना इतकी पळत होती. औषध न देता मी त्याला थेट डॉक्टरांकडे पाठवलं. ईसीजी झाला, सलाइन लागलं, संध्याकाळपर्यंत पोरगं सावरलं. डॉक्टरांचं म्हणणं सरळ होतं: कॅफीन फार, पाणी कमी, वर ऊन.

दुसऱ्या दिवशी त्याचे वडील डबा घेऊन दुकानात आले. मी चष्मा लावून तो फिरवून फिरवून पाहिला. परदेशी कंपनीचं नाव, चकचकीत छपाई, पण आयात करणाऱ्याच्या नाव-पत्त्याचं स्टिकर कुठेच नाही. एफएसएसएआयचा १४ आकडी परवाना क्रमांक नाही. बॅच नंबर आणि तारीख छापलेली नव्हती, शिक्का मारलेला होता आणि बोटानं चोळल्यावर तो पुसट झाला. घटकांच्या यादीत 'एनर्जी ब्लेंड' एवढंच लिहून एकूण वजन दिलेलं, आत कॅफीन किती याचा पत्ता नाही. डबा घेतला होता मुलगा जिथे व्यायामाला जायचा तिथल्या ट्रेनरकडून. वडील त्याच्याकडे गेले. त्याचं उत्तर: "मी दिलाच नाही." बिल नव्हतं. पैसे रोख दिलेले. विषय तिथेच संपला.

त्या वडिलांचा चेहरा मला विसरता येत नाही, म्हणून हे लिहितोय. आपल्याकडे हा माल दुकानापेक्षा माणसाच्या शब्दावर विकला जातो. ट्रेनर हाच आहार सांगणारा, डबा देणारा आणि रिझल्ट कधी दिसेल हेही ठरवणारा. त्याला डब्यामागे ठरलेली रक्कम सुटते हे पोरांना ठाऊक असतं, तरी 'सर सांगतात' म्हटलं की प्रश्न थांबतात. चांगले, प्रामाणिक ट्रेनरही आहेत, मी त्यांना ओळखतो. पण प्रामाणिक माणसाला बिल द्यायला काहीच अडचण नसते. बिल मागण्यात त्याचा अपमान नाही. बिल मागितल्यावर 'एवढा विश्वास नाही का' असं जो विचारेल त्याच्याकडून डबा घेऊ नका. नाव, बॅच नंबर आणि तारीख घातलेलं पक्कं बिल हातात असेल तर अन्न व औषध प्रशासनाकडे तक्रार करता येते, राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला १९१५ वर फोन लावता येतो, ग्राहक आयोगात दाद मागता येते. बिल नसेल तर तुमच्या हातात नुसती पावडर असते.

भेसळ कशी होते हेही समजून घ्या. प्रोटीन मोजायची जुनी प्रचलित पद्धत प्रत्यक्षात नायट्रोजन मोजते आणि त्यावरून प्रोटीनचा आकडा काढते. म्हणून ग्लायसीन, टॉरीन अशी स्वस्त अमिनो आम्लं मिसळली की तपासणीत आकडा फुगतो, स्नायूला मात्र त्याचा तेवढा उपयोग होत नाही. २००८ मध्ये चीनमध्ये दुधात मेलामाइन घातलं गेलं आणि लहान मुलांचे जीव गेले, त्यामागेही नायट्रोजनचीच चलाखी होती. आपल्याकडे २०२४ मध्ये केरळच्या डॉक्टरांनी पुढाकार घेऊन बाजारातल्या ३६ प्रोटीन पावडरी तपासल्या. त्यांतल्या जवळजवळ ७० टक्क्यांवर प्रोटीनची माहिती चुकीची होती, काहींत तर लिहिलेल्याच्या निम्मंच प्रोटीन निघालं. सुमारे १४ टक्क्यांत अफ्लाटॉक्सिन हे बुरशीचं विष सापडलं आणि ८ टक्क्यांत कीटकनाशकांचे अंश. या पावडरी बाजारात उघडपणे विकल्या जात होत्या. मग बिनबिलाच्या, बिनपरवान्याच्या डब्याबद्दल काय बोलायचं!

नकली डब्याची दुसरी वाट आपल्याच घरातून जाते. नामांकित ब्रँडचा रिकामा डबा, झाकण आणि लेबल शाबूत असेल तर त्याला भंगारात वेगळा भाव मिळतो. का, ते सांगायला नको. म्हणून डबा संपला की लेबल फाडा, डब्याला भोक पाडा आणि मगच टाका. विकत घेताना झाकणाखालचं सील नीट पाहा. स्क्रॅच कोड असेल तर डब्यावरचा क्यूआर स्कॅन करून भागत नाही, कारण नकली क्यूआर नकली साइटवरच नेतो आणि तिथे सगळं 'ओरिजिनल' दिसतं. कंपनीच्या वेबसाइटचा पत्ता स्वतः टाइप करून कोड तपासा. परवाना क्रमांक एफएसएसएआयच्या 'फॉसकॉस' पोर्टलवर टाकला की तो कुणाच्या नावावर आहे ते दिसतं. प्लॅस्टिकच्या पिशवीत सुटी पावडर तर कुणीही, कितीही स्वस्त दिली तरी घेऊ नका. दोघांत एक डबा घेऊन वाटणी करायची असेल तर ती सील फोडतानाच आणि दोघांसमोर करा.

प्री-वर्कआउटबद्दल एक गोष्ट मुद्दाम सांगतो. ती घेतल्यावर चेहऱ्याला, कानांना, हातांना मुंग्या येतात. पोरं म्हणतात, "काका, काम करतंय." त्या मुंग्या बीटा-अॅलानिन नावाच्या घटकाच्या असतात. त्या आल्या म्हणजे त्या दिवशी ताकद वाढली असं अजिबात नाही. कित्येक पावडरींच्या एका स्कूपमध्ये २०० ते ३०० मिलिग्रॅम कॅफीन असतं, म्हणजे दोन-तीन कप कडक कॉफी एका घोटात. निरोगी मोठ्या माणसाला दिवसभरात ४०० मिलिग्रॅमपर्यंत चालतं असं मानतात. दोन स्कूप घेतले की ती मर्यादा पाच मिनिटांत गाठली किंवा ओलांडली जाते. ज्याला रक्तदाबाचा किंवा हृदयाचा त्रास आहे, ज्याच्या घरात कुणी तरुणपणी अचानक गेलं आहे, त्यानं तर या वाटेला जाऊच नये.

याहून वाईट एक मागणी येते. दुकानात गर्दी नाही असं बघून, आवाज बारीक करून. मेफेंटरमाइनचं इंजेक्शन. ऑपरेशनच्या वेळी रक्तदाब फार खाली गेला तर भूलतज्ज्ञ ते वापरतात. डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय ते विकणं गुन्हा आहे. पुण्यात जिमच्या मुलांना ते विकणाऱ्यांना पोलिसांनी अनेकदा पकडलं आहे. मी ते देत नाही, आणि मागणाऱ्या मुलाला हाकलूनही देत नाही. बसवतो, पाणी देतो, कुणी सांगितलं ते विचारतो. बहुतेक वेळा उत्तर एकच असतं: "सगळे घेतात." सगळे घेत नाहीत. जे घेतात त्यांच्यातला एखादा रात्रीतून दवाखान्यात पोचतो आणि त्याच्या घरचे बाहेर कुणाला सांगत नाहीत, म्हणून ते कुणाला कळत नाही.

आता खर्चाचं बोलू, कारण डबा घेण्यासाठी पोरं घरी खोटं बोलतात, उधारी करतात. डब्याची किंमत पाहू नका, एक ग्रॅम प्रोटीन कितीला पडतं ते काढा. समजा एक किलो व्हे २,४०० रुपयांना आहे, ३० स्कूप निघतात आणि प्रत्येकात २४ ग्रॅम प्रोटीन आहे. म्हणजे ७२० ग्रॅम, आणि ग्रॅमला ३ रुपये ३३ पैसे. अंडं सात रुपयांचं धरलं तर त्यातल्या ६ ग्रॅम प्रोटीनचा ग्रॅम सव्वा रुपयाच्याही आत. सोयाबीनच्या वड्यांत शंभर ग्रॅमला ५० ग्रॅमच्या आसपास प्रोटीन असतं. दीडशे रुपये किलोनं घेतल्या तर ग्रॅम तीस पैशांना. शेंगदाण्यात शंभराला २५. डाळी-शेंगदाण्यांतलं प्रोटीन अंड्या-दुधाइतकं पुरतं अंगी लागत नाही, हे खरं. पण किमतीतला फरक इतका मोठा आहे की थोडं जास्त खाल्लं तरी परवडतं. गेनर घेत असाल तर मागचं लेबल वाचा. बहुतेकांत मुख्य माल माल्टोडेक्स्ट्रिन असतो, म्हणजे पिष्टाचीच पावडर. त्यापेक्षा दोन केळी, दूध आणि मूठभर शेंगदाण्यांचं कूट कधीही चांगलं.

गरज किती? राष्ट्रीय पोषण संस्थेच्या हिशेबानं साध्या माणसाला वजनाच्या किलोमागे दिवसाला ०.८३ ग्रॅम. ६५ किलोच्या मुलाला ५४ ग्रॅम. जोरात वजनं मारणाऱ्याला किलोमागे १.६ ग्रॅमपर्यंत उपयोग होतो, म्हणजे १०४. चार अंडी, अर्धा लिटर दूध, दोन वाट्या मटकी किंवा डाळ, पन्नास ग्रॅम सोयावड्या, मूठभर शेंगदाणे आणि बाजरीच्या भाकरी एवढ्यात ते बसतं. घरी हे शिजवायला कुणी नसेल, मूल वसतिगृहात राहत असेल, तर खात्रीच्या कंपनीचं व्हे बिलासह घेणं चुकीचं नाही, मी स्वतः ते देतो. क्रिएटिन मोनोहायड्रेटचाही अभ्यास भरपूर झाला आहे. दिवसाला ३ ते ५ ग्रॅम पुरतं. किडनीचा त्रास असेल तर मात्र डॉक्टरांना विचारल्याशिवाय नको. 'फॅट बर्नर' आणि 'टेस्टोस्टेरॉन वाढवणारे' डबे मी काउंटरवर ठेवणं बंद केलंय.

जी मुलं-मुली स्पर्धेत उतरतात त्यांच्यासाठी हिशेब पैशांच्या पुढचा आहे. उत्तेजक चाचणीचा नियम असा की शरीरात जे सापडेल त्याला खेळाडू जबाबदार, मग ते कुठूनही आलेलं असो. मेफेंटरमाइनही त्या बंदी-यादीत आहे. २०२४ मध्ये भारतात ७,११३ नमुने तपासले गेले, त्यांतले २६० सदोष निघाले. एवढ्या मोठ्या प्रमाणावर तपासणी करणाऱ्या देशांत हे प्रमाण सर्वांत जास्त. २०१६ मध्ये महाराष्ट्र केसरी नरसिंग यादव रिओ ऑलिंपिकच्या दारात अडकला. आपल्या खाण्यापिण्यात कुणीतरी स्टेरॉइड मिसळलं असं त्याचं म्हणणं होतं, आणि नाडानं, म्हणजे देशातल्या उत्तेजकविरोधी संस्थेनं ते मान्यही केलं. पण आंतरराष्ट्रीय क्रीडा लवादासमोर ते टिकलं नाही. कुस्तीच्या आदल्या दिवशी चार वर्षांची बंदी आली. त्यात खरं काय हे मी इथे बसून ठरवू शकत नाही. पण ऑलिंपिकला पोचलेल्या मल्लाच्या मागे वकील, महासंघ, पत्रकार सगळे होते, तरी आपली बाजू सिद्ध करणं अवघड गेलं. आपल्या गावातल्या सोळा वर्षांच्या मुलीमागे कोण उभं राहणार?

दूषित डब्यामुळे नमुना बिघडला असं म्हणायचं असेल तर ते खेळाडूलाच दाखवून द्यावं लागतं. म्हणून खेळणाऱ्यांनी शक्यतो काहीच घेऊ नये, आणि घ्यायचंच तर बॅचगणिक बंदी घातलेल्या पदार्थांसाठी तपासलेलं, 'इन्फॉर्म्ड स्पोर्ट'सारखं चिन्ह असलेलंच घ्यावं. त्याच बॅचचा एक सीलबंद डबा बाजूला ठेवावा. बिल, लेबल आणि बॅच नंबर यांचे फोटो आईवडिलांच्या फोनमध्येही असावेत. सर्दी-तापाची साधी गोळी घेण्याआधी नाडाच्या 'नो युवर मेडिसिन' ॲपवर तिचं नाव टाकून पाहावं. आणि चाचणीच्या वेळी फॉर्मवर गेल्या सात दिवसांत काय काय घेतलं ते विचारतात, तो रकाना घाबरून कोरा सोडू नये. जे घेतलं ते सगळं, नावासकट लिहावं.